रामदयाळ आणि शेवटचा डबा

डाव्या डोळ्याचं ऑपरेशन मी दोन वर्षं टाळलं, ते एका सिनेमामुळे.

डॉक्टरांनी सांगितलं होतं, मोतीबिंदू पिकलाय, आणखी थांबलात तर नजर जाईल. (माझं शिक्षण चौथीपर्यंत. शिकलेल्या माणसाशी वाद कसा घालणार? घातला, ते वेगळं.) मागच्या महिन्यात गोडदेव नाक्यावर एका बाईला मी नमस्कार केला. तिनं मान पण हलवली नाही. घरी येऊन सूनबाईकडे तक्रार केली तर ती म्हणाली, "बाबा, ती साडीच्या दुकानाबाहेरची पुतळी आहे. प्लास्टिकची."

"असेना. मोठ्या माणसाचा मान राखता येत नाही का तिला?" असं म्हणून मी विषय मिटवला.

आता सिनेमाचं सांगतो. तरुणपणी मी टॉकीजचे डबे वाहायचो. डबे म्हणजे सिनेमाच्या रिळांचे. प्रिंट एकच, टॉकीज दोन. या टॉकीजमध्ये एक डबा संपला की तो सायकलवर टाकून त्या टॉकीजला पोचवायचा, तिथं खेळ अर्धा तास उशिरा असायचा. त्या नोकरीत मी एक जुना हेरगिरीचा सिनेमा दोनशे वेळा पाहिला. निदान घरात तरी मी असंच सांगत आलो.

सिनेमा लढाईच्या काळातला. डोंगरावर मिलिटरीचं हॉस्पिटल. भोंगा वाजला की सगळे दिवे बंद, खिडक्यांना काळे पडदे. तिथं एक मेजर, डोळ्यांचं ऑपरेशन झालेला, दोन्ही डोळ्यांवर पट्टी. डॉक्टर सुईत औषध भरतो. भोंगा होतो, अंधार पडतो. दिवे येतात तेव्हा मेजर खलास! आता सांगा, हे बघितलेला माणूस डोळ्याच्या डॉक्टरपुढे आडवा होईल का?

पण त्याच हॉस्पिटलात एक म्हातारा चौकीदार होता, रामदयाल. कमरेला किल्ल्यांचा जुडगा, पायानं जरा लंगडा. पेशंटना पाणी पाजतो, सापडलेलं पाकीट परत करतो, मेजर मेला तेव्हा ढसाढसा रडतो. इतका सज्जन माणूस मी पडद्यावर दुसरा पाहिला नाही. त्याच महिन्यात मला मुलगा झाला. आमच्या रत्नागिरीच्या घराण्यात गणपत, सखाराम, विठोबा अशी नावं. मी म्हटलं, याचं नाव रामदयाळ. बायको चार दिवस बोलली नाही. मी मागे हटलो नाही. मुलाशी आजही बँकेत सगळे हिंदीत बोलतात. लहानपणी तो खोटं बोलला की मी म्हणायचो, "कुणाचं नाव लावलंय, जरा आठव." आणि तो बिचारा खाली मान घालायचा.

तर नातीनं, रुचानं, तो सिनेमा मोबाइलवर शोधून काढला. रविवारी दुपारी टीव्हीवर लावला. शेजारचे जयंतीभाई खाकऱ्याचा डबा घेऊन आले. मी स्टूल टीव्हीला चिकटवून बसलो, म्हणजे मला दिसेल. (बाकीच्यांना माझी पाठ दिसत होती.)

"खुनी डॉक्टर आहे," मी पहिल्या मिनिटाला सांगून टाकलं.

"अरे काका, मजा किरकिरा कर दिया," जयंतीभाई म्हणाले.

सूनबाईनं ती संधी बरोबर पकडली. "बाबा, आणि खुनी दुसराच निघाला तर?"

"तर उद्या सकाळी ऑपरेशन."

"जयंतीभाई, ऐकलंत ना?"

"सुना. मैं गवाह हूँ."

मी आरामात होतो. डॉक्टरनं सुई भरली. मी मागे वळून सगळ्यांकडे एक नजर टाकली. वळून परत बघतो तर डॉक्टर ती सुई घेऊन दुसऱ्याच खोलीत गेला आणि एका तापानं फणफणलेल्या शिपायाला टोचली. शिपाई बरा झाला. उठून चहा पण प्यायला!

"हे कधी आलं?" मी विचारलं.

"आजोबा, तुम्ही दोनशे वेळा बघितलाय ना?"

"त्या वेळी कापलं असेल."

"इतका मोठा भाग?"

रुचा वकिलीला आहे. तिनं टीव्ही थांबवला आणि उलटतपासणी सुरू केली. "पहिला डबा संपला की तुम्ही काय करायचात?"

"सायकलवर टाकून निघायचो."

"मग दुसरा डबा चालू असताना तुम्ही कुठं?"

"रस्त्यावर."

"आणि शेवटचा डबा?"

"तो इकडे लागायचा तेव्हा मी आधीचा डबा घेऊन रस्त्यावर. तो तिकडे पोचवला की बाकीचे डबे घेऊन उलट फिरायचो. पुढचा शो लागायचा ना."

जयंतीभाईंच्या तोंडातला खाकरा तेवढा वाजला.

"म्हणजे बाबा," माझा मुलगा हळूच म्हणाला, "शेवट तुम्ही एकदाही बघितलेला नाही?"

"अंदाज असतो माणसाला," मी म्हटलं. "लाव पुढं."

शेवटी खुनाचा तपास करायला आलेल्या गुप्तहेरानं स्वतःच्या डोळ्यांवर पट्टी बांधली, मेजरच्या खाटेवर आडवा झाला आणि एकेकाला खाटेजवळून चालायला लावलं. कारण मेजरला दिसत नव्हतं, तरी ऐकू येत होतं. शत्रूला गच्चीवरून कंदिलानं खुणा कोण करतो, ते त्यानं आवाजावरून ओळखलं होतं. डॉक्टर चालला. नर्स चालली. मग एक पाय घासत, किल्ल्या वाजवत...

गुप्तहेरानं पट्टी काढली. "रामदयाल, खून तूने किया है."

मी टीव्हीवर हात ठेवला. आधार म्हणून. माझा रामदयाल! त्यानं पळायला सुरुवात केली, आणि पळताना तो लंगडत पण नव्हता. लंगडणं पण खोटं! मागे वळायची हिंमत होईना.

"बाबा," मागून आवाज आला. "बावन्न वर्षं."

"ऐक तर."

"शाळेत खडू चोरला म्हणून तुम्ही मला काय म्हणाला होतात? रामदयाळ असं करेल का?"

"खडू तर त्यानं नव्हता चोरला ना," मी म्हटलं.

जयंतीभाई उठले, मुलाच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "कोई बात नहीं बेटा, नाम में क्या है," आणि दारात पोचेपर्यंत त्यांचे खांदे हलायला लागले. संध्याकाळपर्यंत आख्ख्या बिल्डिंगला कळलं. लिफ्टमध्ये लोक माझ्या मुलाला आधी वाट द्यायला लागले.

दिलेला शब्द मी मोडत नाही. सोमवारी सकाळी सूनबाईबरोबर हॉस्पिटलात गेलो. हिरवा झगा घातला, डोळ्यात थेंब टाकून घेतले. सूनबाईनं माझा हात धरला. "घाबरू नका बाबा, डॉक्टर अगदी देवमाणूस आहेत."

"डॉक्टरांबद्दल माझं काही म्हणणं नाही," मी तिच्या कानात सांगितलं. "तो दारात स्टुलावर बसलेला म्हातारा वॉचमन मघाशी मला पाणी हवं का विचारत होता. माझं ऑपरेशन होईपर्यंत त्याला जरा चहाला पाठव."