टाळ्यांची घाई

इकडे परदेशात, सँडीफोर्डला, आमच्या खालच्या मजल्यावर राहणाऱ्या म्हाताऱ्याने उभा जन्म सोल या पाश्चात्त्य संगीताचा बँड चालवला आणि रेकॉर्डी काढल्या. सत्तरी उलटली तरी थांबायचं नाव नाही. नव्या गाण्यात टाळ्या हव्या होत्या, म्हणून त्याने मला रेकॉर्डिंगला बोलावलं. टाळ्यांना काय अक्कल लागते, असं म्हणत मी ऐटीत गेले.

पहिलं कडवं ठीक गेलं. दुसऱ्याला माझे हात पळायला लागले. त्याने गाणं थांबवलं. पुन्हा तेच. चौथ्यांदा त्याने विचारलं, "तुला कुठे जायची घाई आहे?" आता याला काय सांगू? टाळ्या मी गणपतीच्या आरतीत शिकले, आणि आमची आरती शेवटी प्रसादाच्या दिशेने धावतेच. त्याने मला शांतपणे बाहेर बसवलं. टाळ्यांवरून काढलेली मी पहिलीच, म्हणे!

मीही डूख धरला. गणपतीत त्याला मुद्दाम आरतीला बोलावलं. बघू, कसा टिकतो ते. आम्ही वीसजण सुसाट सुटलो. तो मात्र डोळे मिटून एकाच संथ लयीत टाळ्या वाजवत राहिला, आणि दुसऱ्या कडव्यापर्यंत सगळे मुकाट त्याच्यामागे! आरती संपता संपेना, मोदक गार झाले.

नागपूरहून आलेल्या सासूबाई मात्र खूश होत्या. "इतक्या वर्षांत आज पहिल्यांदा सगळे शब्द नीट ऐकू आले," त्या म्हणाल्या. "अन् तुला मधलं कडवं येतच नाही, तेही कळलं."