‘आपत्ती नाही’ सांगाले गेलेली मेटाडोर

बाबा दुर्गजवळच्या स्टील प्लँटमधून रिटायर झाले अन् सेक्टरमधला क्वार्टर सोडायची वेळ आली, तेव्हा आम्ही बँकेच्या लिलावात वैशाली नगरचं एक घर घेतलं. आईच्या नावानं. कोणाचं तरी कर्ज बुडालं होतं, बँकेनं घर विकलं, विक्रीचा कागद आमच्या हाती दिला. पण तहसीलच्या रेकॉर्डवर नाव अजून जुन्या मालकिणीचंच. आईनं साफ सांगतलं, "माझं नाव चढल्याबिगर मी तिथं चहाचं भगोनंबी ठेवणार नाही." जन्मभर तिले क्वार्टरच्या नंबरानंच ओळखलं लोकांनी. हे पहिलं काहीतरी तिचं स्वतःचं होतं. मले तिचा रागबी आला अन् तिच्यावर जीवबी आला.

रेकॉर्डवर नाव बदलायचा, नामांतरणाचा अर्ज दिला, तं तहसीलीत इश्तहार, म्हणजे नोटीस लागली: कोणाले या नामांतरणावर आपत्ती, म्हणजे हरकत असेल, त्यानं अमुक तारखेले हजर राहावं.  "ते जुनी मालकीण आली तं? नाही म्हणाली तं?" आईचं दिवसभर हेच.

बाबांनी चष्मा वरखाली करत इश्तहार वाचला अन् भलतंच काढलं. "आपत्तीवाले येतील, मंग आपत्ती नसलेल्यांनी काहून नाही जायचं?" त्यांचा सगळा जन्म प्लँटमधी गेला. लोन असो, पासपोर्ट असो, क्वार्टर सोडणं असो, एनओसीबिगर, ‘आपत्ती नाही’च्या कागदाबिगर, पान हलत नाही तिथं. लायब्ररीतून आयुष्यात एक पुस्तक आणलं नव्हतं त्यांनी, तरी रिटायर होताना लायब्ररीची एनओसी आणली होती. मी म्हटलं, "बाबा, असं कोणी करत नाही हो!" तं मलेच म्हणे, "तुले काय समजते? गप राह्य."

झालं! सुपेल्याच्या बाजारातून मेटाडोर ठरली. क्वार्टरची अख्खी लाईन, दुर्गचे रेल्वेवाले मामा, अन् विहारातल्या बायका, पांढऱ्याशुभ्र साड्यांमधी. वर डबाभर आलुबोंडे. मी तोंड फुगवून बसली होती, पण किती वेळ फुगवणार? मेटाडोर उसळली की सगळ्या बायका एकमेकींच्या अंगावर अन् हसून हसून बेजार.

एवढ्या पांढऱ्या साड्या तहसीलीच्या फाटकातून शिरताना पाहून शिपाई ओरडला, "धरना है क्या? परमिशन दिखाओ!" बाबूनं टेबलावरच्या फायली पटापट आत नेल्या. तहसीलदार साहेब तं उठूनच उभे झाले. "एक मकान पर इतनी आपत्तियाँ?"

"आपत्ति नहीं है साहब," बाबा छाती काढून म्हणाले. "हम सब यही बताने आए हैं कि नहीं है."

साहेब खाली बसले. आधी त्यांचे खांदे हलले, मंग टेबल. विहारातली एक आजी पुढं सरकली, "मेरा भी लिखो ना बाबू, नहीं है!" मंग काय, लाईनच लागली.

तेवढ्यात मागून आवाज आला, "मुझे है."

दारात एक बाई उभी होती, छातीशी प्लास्टिकची पिशवी धरून. जुनी मालकीणच असणार! आईनं माझं मनगट असं आवळलं की बांगडी रुतली.

"क्या आपत्ति है?" साहेबांनी विचारलं.

"देरी पर आपत्ति है साहब. रसमड़ा में आदमी का कारखाना डूबा, घर गया. पर रेकॉर्ड में अब तक मेरा नाम है. टैक्स का नोटिस मुझे आता है. उधारीवाले रोज भाई के दरवाजे पर खड़े हैं, कि वैशाली नगर में मकान है तो पैसा कैसे नहीं है. मेरा नाम आज काट दो."

मामाचा बोंडा हातातच राहिला. आई तं भांडायच्या तयारीनं आली होती. पण उठली अन् त्या बाईले आपल्या जागेवर बसवलं. साहेबांनी तिचं म्हणणं लिहून घेतलं अन् नाव बदलायचा आदेशबी तिथंच लिहिला. आजीनं बाईच्या हातात बोंडा कोंबला, "खा ना बाई, इसपे तो आपत्ति नहीं है?" तेव्हा कुठं ते बाई हसली. जाताना आईनं तिचा फोन नंबर घेतला.

काही दिवसांनी मी मोबाईलवर रेकॉर्ड उघडलं अन् किंचाळलीच. आईचं नाव! बाबा गॅलरीतून अख्ख्या लाईनीले ओरडून सांगून राहिले, खालची पोरं उगाचच नाचून राहिली. आई पदर तोंडाशी धरून हसून राहिली होती. मंग तिनं फोन उचलला. मले वाटलं, नागपूरच्या मावशीले लावून राहिली. तिनं त्या बाईले लावला.

"बाई, तुम्हारा नाम उतर गया," आई म्हणाली.

 तिकडून हळूच आलं, "सच्ची?"

"सच्ची. मेरी बेटी ने अभी देखा."

तिकडं ते रडून राहिली की हसून, आईले काही समजलं नाही. आपलं नाव चढलं, हे सांगायचं मात्र आई विसरूनच गेली.