मागच्या दारावरचा लाल टॅग

बाबांचा सिद्धांत असा होता: घरात एक शक्ती असते आणि ती स्टील प्लांटमधल्या गॅससारखीच वाहते, जास्त दाबाकडून कमी दाबाकडे. देवघर, चूल आणि झोपलेलं माणूस ही तिची उगमस्थानं. उंबरठा म्हणजे व्हॉल्व्ह. मीठ तिला शोषून घेतं, म्हणून तर दृष्ट मिठाने काढतात. आयुष्यभर गॅसच्या पाइपलाइनी सांभाळून रिटायर झालेल्या माणसाने हे सगळं ग्राफपेपरवर बाण काढून मांडलं आणि आमच्या हुडको कॉलनीत सकाळी फिरायला जाणाऱ्या मंडळींनी माना डोलावल्या. मी नेहरू नगरात एका क्लासमध्ये फिजिक्स शिकवते. ज्याचा दाब मोजता येत नाही त्याचे बाण काढायचे नसतात, एवढं तरी मी सांगितलं असतं. पण पिकतं तिथे विकत नाही. मला कुणी विचारलं नाही.

तोवर मला हसूच येत होतं. रिकाम्या माणसाला काहीतरी चाळा हवा, म्हणून मी गप्प होते.

मग एका दुपारी आईला मागच्या पायरीवर चक्कर आली. मागच्या गल्लीपलीकडे एक छत्तीसगढी बाई एकटी राहते. नवरा गेलेला, मूलबाळ नाही. जेवणं आटोपली की दोघी त्या पायरीवर भाजी निवडत बसायच्या. आई आपल्या नागपुरी मराठीत बोलायची, ती छत्तीसगढीत, आणि दोघींचं कधी अडलं नाही. आमच्या घरात आईशी मन लावून बोलणारं दुसरं होतं तरी कोण! त्या दिवशी आई बीपीची गोळी घ्यायला विसरली होती, हे तिने स्वतःच सांगितलं. पण बाबांनी ग्राफपेपर काढला. आमच्या मागच्या दारातून निघालेला बाण गल्ली ओलांडून त्या बाईच्या दारात गेला आणि तिथे त्यांनी सुवाच्य अक्षरात लिहिलं, ‘लो प्रेशर पॉइंट’. दुसऱ्या दिवशी तो कागद फिरायला जाणाऱ्या मंडळींनाही दाखवला.

मागच्या दाराच्या कडीला त्यांनी लाल टॅग बांधला. प्लांटमध्ये लाइन दुरुस्तीला घेतली की व्हॉल्व्हवर असा टॅग लागतो. ज्याने लावला त्यानेच तो काढायचा. मग आभाळ कोसळलं तरी दुसरा कोणी हात लावत नाही. आमच्यासारख्या प्लांटवाल्या घरांत हे बाळकडूच असतं. साधा पुठ्ठ्याचा तुकडा तो, पण आईने दार उघडलं नाही. रविवारी मी आईबाबांकडे गेले तेव्हा ती टीव्हीसमोर बसून शेंगा निवडत होती आणि टीव्ही बंद होता.

“बाबा, हे काय आहे?”

“शटडाऊन. लीकेज बंद करून राहिलो.”

“आणि त्या बाईला काय वाटेल?”

“तिचा काई दोष नाई. ती काई करत नाई. शक्ती आपोआप तिच्याकडे जाते. सायन्स हाये ते.”

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. दोष नाही म्हणे! इथे छत्तीसगढच्या खेड्यांत अशा एकट्या बाईसाठी एक शब्द आहे, टोनही, म्हणजे चेटकीण. तो एकदा चिकटला की आधी दारं बंद होतात, मग काठ्या निघतात. तो कुणाला लावणं कायद्याने गुन्हा आहे. पेपरात तसली बातमी आली की हेच बाबा ‘अडाणी लोकं’ म्हणून पान उलटायचे. अडाण्यांनी शिवी दिली, यांनी आकृती काढली. फरक काय तो एवढाच. आणि ते फिरणारे सुशिक्षित! त्यांनी त्या घरावरून जाणंच सोडलं होतं.

“बाबा, याला टोनही ठरवणं म्हणतात.”

“मी तो शब्द उच्चारला नाई.”

“बाण काढला ना!”

मी टॅग ओढायला गेले तशी आई उठली.

“हात नको लावू. ज्यानं लावला त्यानंच काढाचा.” मग बाबांकडे वळून म्हणाली, “काढा. गोळी नाई घेतली म्हनून चक्कर आली. माया जीव हाये, मले ठाऊक नाई का?”

आईचा असा आवाज मी कधी ऐकला नव्हता, बाबांनीही नसावा. गाठ सोडता सोडता ते पुटपुटले, “ठीक हाये, टेस्टिंगसाठी.” त्या क्षणीसुद्धा सिद्धांत सोडवेना!

आईने निवडलेल्या शेंगांची परात घेतली, गल्ली ओलांडली आणि दार वाजवलं. मी आणि बाबा आमच्या पायरीवर उभे होतो. आतून पावलं आली, दारापाशी थांबली. कडी निघाली नाही.

“अवो, मी हाये,” आई म्हणाली.

“रहन दे दीदी,” आतून आवाज आला. “काली तुंहर घर म काकरो मूड़ घलो पिराही, त नाव मोरेच आही.”

आई परात धरून तशीच उभी राहिली. बाबांना छत्तीसगढी चांगली समजते. उभा जन्म या लोकांसोबत काम केलंय त्यांनी. तरी मी त्यांच्याकडे बघून ते मराठीत मोठ्याने सांगितलं: उद्या तुमच्या घरात कुणाचं नुसतं डोकं जरी दुखलं, तरी नाव माझंच येईल.