पूर्णेचा बालकलाकार

पूर्णेच्या हौशी नाटकांत लहान मुलाचं काम गेली बावीस वर्षं एकच माणूस करत आला. नाव जीवन, वय त्रेचाळीस, उंची चार फूट दहा इंच, नोकरी रेल्वेत पॉइंटमनची, म्हणजे रूळ बदलायचे आणि जाणाऱ्या गाडीला झेंडी दाखवायची. प्रल्हाद, श्रावणबाळ, हरवलेला मुलगा, सापडलेला मुलगा, दारूबंदीच्या पथनाट्यातला उपाशी मुलगा, सगळे त्यानेच केले. खरी मुलं घेऊन पाहिली होती एकदा. ती परीक्षेच्या आदल्या आठवड्यात दगा देतात आणि दरवर्षी मोठी होतात. जीवनमध्ये हे दोन्ही दोष नव्हते.

या कामापायी त्याने कधी मिशी ठेवली नाही. लग्नाच्या फोटोतही नाही, कारण पुढच्याच आठवड्यात प्रल्हाद होता. तो फोटो सासऱ्यांनी बराच वेळ निरखला, असं सांगतात.

नाटकं बसवतात कुसुमबाई, निवृत्त शिक्षिका. यंदा त्यांनी स्वतःच नाटक लिहिलं. तेरा वर्षांचा गणू ट्रंक उचलून वसतिगृहात जातो, हा पहिला अंक. बारा वर्षांनी परत येऊन आईला सांगतो की मी आता या घरात राहणार नाही, हा दुसरा. पहिल्या अंकातला गणू जीवन, दुसऱ्यातला भुजंग. भुजंग औषधांच्या दुकानात असतो. उंच, रुबाबदार, पाठांतराशी जन्माचं वैर.

वाचन संपल्यावर जीवन म्हणाला, "बाई, दुसरा अंकबी मीच करतो."

"अरे, तो पंचवीस वर्षांचा आहे."

"मी त्रेचाळीसचा हाय."

"लोक हसतील, जीवन."

"बावीस वर्षं हसायलेतच की! आमची अर्पिता दहावीला गेली, माझ्या डोक्यावरून बघायली. परवा म्हणली, पप्पा, तुमी कवा मोठे होणार? काय सांगू तिला?"

"सांग, बाईंनी रजा मंजूर केली की," भुजंग म्हणाला.

कुसुमबाईंनी शाळेतला तोडगा काढला : चाचणी. परभणीच्या स्पर्धेआधी पूर्णेत एक प्रयोग करायचा. दुसऱ्या अंकात लोक हसले, तर स्पर्धेत भुजंग.

"आणि मग कुरकुर नाही."

"बिल्कुल न्हाई, बाई."

रेल्वे वसाहतीतल्या सभागृहात संध्याकाळी सहाला प्रयोग लागला. पहिला अंक नेहमीसारखा, म्हणजे उत्तम झाला. मध्यंतरानंतर जीवन फुल पँट, इन केलेला शर्ट आणि चिकटवलेली मिशी अशा थाटात आला, आणि सभागृह हशाने फुटलं.

"आरं, पोरगं बापाची पँट घालून आलं की!" मागून कुणीतरी ओरडलं.

आईचं काम करणाऱ्या मालनबाईचं वाक्य होतं, "कोण पाहिजे?" त्यावर आणखी हशा. विंगेत भुजंगने कॉलर नीट केली.

तेवढ्यात मालगाडी आली. सभागृह यार्डाला लागून आहे. गाडी जाताना शेजाऱ्याचं बोलणं ऐकू येत नाही. म्हणून इथे रीत अशी की गाडी आली की नट जिथल्या तिथे थांबतात, प्रेक्षक सुपारी कातरून घेतात, आणि गाडी गेली की पुढचं वाक्य. या वेळात जीवन वाकुल्या दाखवायचा. काही जण खास तेवढ्यासाठी यायचे. पुढच्या रांगा सावरून बसल्या.

पण जीवन रंगमंचावरच्या, यार्डाकडे उघडणाऱ्या खिडकीकडे वळला, पाय जुळवून उभा राहिला आणि गाडी पाहू लागला. ड्युटीवर पाहतो तशी. कुठलं चाक तापलंय, कुठं काय लोंबायलंय, एकेक डबा. शेवटी गार्डाचा डबा आला, तसा त्याचा हात झेंडी नसताना आडवा झाला. ही सरळसरळ चूक होती. गणू रेल्वेत नव्हता. संहितेप्रमाणे तो तहसिलीत कारकून होता.

पण प्रेक्षकांत निम्मे लोक रेल्वेचे. हा माणूस असा उभा आहे, या भरवशावर ते इतकी वर्षं पूर्णेतून गाड्या नेत होते. दुसऱ्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या गार्डाने बसल्या जागी हात आडवा करून त्याला जबाब दिला.

गाडी गेली. जीवन वळला. "आई, मी गणू," तो म्हणाला.

कुणी हसलं नाही. मालनबाईला मात्र पुढचं वाक्य सापडायला वेळ लागला.

प्रयोगानंतर कुसुमबाई म्हणाल्या, "गाडीआधीचं हसू मी धरत नाही. भुजंग, तू लाइट बघ. आणि जीवन, परभणीत तो हात आडवा करू नकोस."

"तिथं गाडी न्हाई यायची, बाई," जीवन म्हणाला. भुजंगचं पाठांतर वाचलं, त्यामुळे त्याने फारसं मनावर घेतलं नाही.

परभणीत जीवनला कुणी ओळखत नव्हतं. प्रयोग संपल्यावर एक परीक्षक वही घेऊन आत आले.

"पहिल्या अंकातला मुलगा गुणी आहे हो. पत्रकात दोन्हीकडे एकच नाव छापलंय, छपाईची चूक असणार. बोलवा त्याला, बालकलाकाराच्या बक्षिसासाठी लिहून घेतो."

कुसुमबाईंनी जीवनकडे पाहिलं. मिशी अजून चिकटलेली होती. ती काढली की बक्षीस नसलं तरी कौतुक नक्की होतं.

"त्यानं नाटक सोडलं, साहेब," जीवन म्हणाला.

"अरेरे! इतक्या लवकर?" परीक्षकांनी वही मिटली. "आणि तुम्ही दुसऱ्या अंकातले ना? तुमचंही बरं होतं."

मोठ्या माणसाच्या कामाला मिळालेला तो जीवनचा पहिला शेरा. पूर्णेच्या गाडीत त्याने तो बायकोला, राजेश्रीला, फोनवर दोनदा सांगितला. दुसऱ्यांदा सांगताना 'बरं'चं 'चांगलं' झालं होतं.