दाजींचे राफाइड

साताऱ्यात असा एकही माणूस नसेल, ज्याला आमच्या दाजींनी राफाइड म्हणजे काय ते सांगायला सुरुवात केली नाही. आणि असाही एक नसेल, ज्याने ते शेवटपर्यंत ऐकून घेतलं. दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, आक्काचे, यजमान. एका शाळेत शास्त्र शिकवायचे. उंच, किडकिडीत, धोतरावर कोट आणि कोटाच्या खिशात रुमालाच्या जागी एखादं पान. तरुणपणी ते पुण्याला एका प्रयोगशाळेत काचसामान धुवायला होते. तिथल्या प्रोफेसरांनी एकदा सहज त्यांना मायक्रोस्कोपमध्ये डोकवायला लावलं. आत अळूच्या देठाचा पातळ काप होता, आणि त्या कापात काचेसारख्या लखलखणाऱ्या सुयांचे जुडगे पडले होते, दोन्ही टोकांना अणकुचीदार. "हे राफाइड," प्रोफेसर म्हणाले, आणि चहा प्यायला निघून गेले. पुण्याला गेलेली माणसं नोकरी घेऊन येतात, बायको घेऊन येतात. दाजी हा एक शब्द घेऊन आले, आणि पुढे त्याच प्रोफेसरांनी मोडीत काढलेला मायक्रोस्कोप.

राफाइड म्हणजे काय ते मी थोडक्यात सांगते, कारण थोडक्यात सांगणं दाजींना कधी जमलं नाही. अळू, सुरण असल्या झाडांच्या अंगात कॅल्शियम ऑक्झॅलेट नावाचा क्षार असतो. तो पेशींमध्ये सुईच्या आकाराने गोठतो. त्या सुयांचं नाव राफाइड. त्या जिभेत, घशात रुततात आणि खाजवतं. म्हणून आपण अळूत चिंच घालतो, आंबटाने तो त्रास कमी होतो. संपलं. हेच दाजी सांगायला बसले की ग्रीक भाषेतल्या सुईपासून निघत आणि अळूच्या देठाजवळ पोचेपर्यंत ऐकणाऱ्याचा चहा निवून त्यावर साय धरलेली असे. ऐकणारा बहुतेक वेळा त्याआधीच उठलेला असे. दाजींना त्याचं वाईट वाटत नसे. ते उरलेलं कपाला सांगत.

एकदा ते साताऱ्याहून सांगलीला आमच्याकडे येत होते. एस.टी.त शेजारी एक बाई अळूची जुडी मांडीवर घेऊन बसली होती. मग काय विचारता! गाडी कराडला थांबली तेव्हा बाई जुडी सावरत उठली आणि म्हणाली, "आवं मास्तर, ह्या आळवानं इतक्या वर्सांत न्हाई खाजवलं, तेवढं तुमी हितवर येस्तवर खाजवलंसा." हा किस्सा दाजींनी स्वतःच मला सांगितला, आणि वर म्हणाले, "बाई निरीक्षणशक्तीची होती."

शब्द नुसता वनस्पतींपुरता ठेवतील तर ते दाजी कसले. जे आधी दिसत नाही आणि गिळल्यावर कळतं, ते सगळं त्यांच्या लेखी राफाइड. हेडमास्तरांनी निरोपसमारंभात कुणाची स्तुती केली की दाजी म्हणायचे, "भाषण छान झालं, पण राफाइड होते." माझ्या सासूबाईंना भेटून आल्यावर मला बाजूला घेऊन म्हणाले, "धाकटे, तुझ्या सासूबाई फार गोड बोलतात. चिंच जवळ ठेवत जा." त्यांचं चुकीचं नव्हतं, हे मला पहिल्या दिवाळीत कळलं. स्वतः त्यांनी त्या पुण्याच्या दिवसापासून अळूला तोंड लावलं नव्हतं. आक्का चिंच-गूळ घालून, शेंगदाणे घालून इतकं सुरेख अळू करायची. तरी हे आपले ताकभात खात बसत. "डोळ्यांनी पाहिलेली सुई माणसाने गिळू नये," म्हणत.

आक्का गेली तेव्हा बकुळा, त्यांची एकुलती एक मुलगी, शाळेत होती. मग घरात बाप आणि लेक, आणि सांगलीहून जमेल तशी ये-जा करणारी मी. बापाने मुलीला वेणी घालायला शिकून घेतलं, भाकरी थापायला शिकून घेतलं. दोन्ही जराशी तिरकी व्हायची. मुलगी गुणी निघाली. पण लग्नाचं वय झालं तशी मला काळजी लागली, कारण दाजी.

पहिलं स्थळ रहिमतपूरचं. मुलाचे वडील बघायला आले, दोन अळूवड्या आवडीने खाल्ल्या, तिसरी उचलली आणि दाजींनी त्यांना मायक्रोस्कोपपाशी नेलं. "तुम्ही काय खाल्लंत ते बघा." गृहस्थांनी बघितलं. मग ते परसात गेले, आणि तिथून परस्पर स्टँडवर. दुसरं स्थळ शिरवळचं. तिथे मध्यस्थाने विचारलं, मुलाची आई कशी वाटली? दाजी म्हणाले, "चांगल्या आहेत, बोलण्यात थोडे राफाइड आहेत." मध्यस्थाने अर्थ विचारला. दाजींनी तो समजावून दिला. मध्यस्थ प्रामाणिक माणूस. त्याने तो तिथे जसाच्या तसा पोचवला.

तिसरं स्थळ कराडजवळच्या एका गावातलं आलं. घरचा ऊस, माणसं रांगडी पण सरळ, मुलगा शेतीशाळेत शिकलेला. हे मोडलं असतं तर बकुळेला चौथं बघायला कोणी येणार नव्हतं. साताऱ्यात बोलणारे बोलायला लागलेच होते. तेव्हा मी सांगलीहून आले आणि दाजींना समोर बसवलं.

"दाजी, अक्षता पडेपर्यंत तो शब्द तोंडातून काढायचा नाही. शपथ घ्या."

"देवाची शपथ मी घेत नाही."

"मग मायक्रोस्कोपवर हात ठेवा."

त्यांनी ठेवला. चेहरा असा केला होता, की मला क्षणभर आपण कुणाचं तरी पाणी तोडतोय असं वाटलं. पण शब्दाला जागले. सुपारी फुटली, याद्या झाल्या, पाहुण्यांची ये-जा झाली. दाजी फक्त हवापाण्यावर बोलत होते. माणूस त्या महिन्यात वाळला.

लग्न वैशाखात, गोरज मुहूर्तावर, साताऱ्यात दाजींच्याच अंगणात. दुपारच्या जेवणाची पहिली पंगत वऱ्हाडाची. आमच्या गल्लीतल्या बायकांचा उत्साह दांडगा. मागून आणलेले तांबे, घंगाळं, पेले त्यांनी आदल्या दिवशी अशी घासली की उन्हात बघवेना. कशाने घासली, ते विचारायचं कुणाला सुचलं नाही. आचाऱ्याने सकाळी अळूत घालायला चिंच मागितली, तर मडक्यात मूठभर उरलेली; त्याने तेवढ्यावर भागवलं. आणि अळूही विहिरीवरचं नेहमीचं पुरलं नाही, म्हणून ओढ्याकाठचं रानटी आणलेलं.

पंगत बसली. अळू छान दिसत होतं, त्यामुळे सगळ्यांनी सुरुवात त्यानेच केली. पहिल्यांदा खाकरले ते मुलाचे चुलते, पलटणीतून सुभेदार होऊन आलेले, मिशा कानापर्यंत. मग त्यांच्या शेजारचे. मग खाकरणं पंगतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सरकत गेलं. कुणी मान चोळतंय, कुणी जीभ बाहेर काढून वारा घेतंय.

"जहर हाय!" सुभेदार घोगऱ्या आवाजात म्हणाले. "लडाईत बघितलंय आमी. खडे हो जाव सगळी!"

मुलाचे वडील ताटावरून उठले. "पाव्हणं, आमास्नी जेवाय बोलीवलंसा का मारायला? उठा रं. ट्रकात बसा. हितं लगीन न्हाई व्हायाचं."

माणसं खरंच उठू लागली. दाजी हातात तुपाची वाटी घेऊन पंगतीच्या मधोमध उभे होते. चेहरा लालभडक, ओठ गच्च मिटलेले. वर्गात उत्तर येणारं पण मास्तरांनी दम दिलेलं पोर जसं बघतं, तसे ते माझ्याकडे बघत होते. त्या माणसाच्या मुलीचं लग्न मोडत होतं, घसे कशाने धरले ते त्याला पाठ होतं, आणि तो माझ्या शपथेखातर गप्प होता!

"दाजी, बोला," मी म्हटलं.

"सोडलीस शपथ?"

"सोडली. पण आधी उपाय सांगा, सुया मागनं."

"उपाय नीट कळायचा तर आधी कारण—"

"दाजी!"

"आंबट! कैऱ्या पाडा."

शेजारच्या परसात आंबा होता. मी माणसं पिटाळली. पण मुलाचे वडील थांबायला तयार नव्हते. "कैरी खाऊन इज्जत परत येतीया व्हय? पंगतीत आमचीच नरडी का धरली?"

तेव्हा दाजींनी तुपाची वाटी खाली ठेवली, शेजारच्या ताटातली अळूची वाटी उचलली, आणि सगळ्यांदेखत ती गटागटा पिऊन टाकली. पूर्ण. मग वाटी पालथी करून दाखवली. "विष असतं," ते म्हणाले, "तर मुलीच्या बापाने प्यायलं नसतं. आता बसा, मी सांगतो."

आणि मंडळी, लोक बसले. शंभरेक माणसं, सगळ्यांचे घसे धरलेले, एकालाही मध्ये बोलता येण्यासारखं नव्हतं. असा श्रोतृवृंद दाजींना आयुष्यात मिळाला नव्हता. त्यांनी कोट सारखा केला, खाकरले, म्हणाले, "याला राफाइड म्हणतात. ग्रीक भाषेत..." आणि तिथे त्यांचा आवाज गेला. ओठ हलत होते, बोट वर होतं, पण नरड्यातून नुसती हवा येत होती. मला हसावं की रडावं कळेना.

"मावशी, मी सांगते."

बकुळा दारात उभी होती. हळदीची साडी, मुंडावळ्या, हातभर हिरवा चुडा. नवरीने मांडवात तोंड उघडायची पद्धत आमच्याकडे नाही, पण तिला अडवायला कुणाचा घसा शिल्लक होता? ती पुढे आली आणि बापाच्या शेजारी उभी राहिली.

"ग्रीक भाषेत राफिस म्हणजे सुई," ती म्हणाली. आणि तिथून तिने सगळं सांगितलं. क्षार, पेशी, जुडगे, अणकुचीदार टोकं. तेच शब्द, तीच वळणं. दाजी जिथे थांबून चष्मा पुसत, तिथे तीही क्षणभर थांबली. "पानाला पळता येत नाही. शिंगं नाहीत. म्हणून त्याने अंगात सुया ठेवल्या. आपण चावलं म्हणून त्या टोचल्या. ते काही आपल्यावर चालून आलं नव्हतं. चिंच कमी पडली, एवढंच झालंय. यात कुणाचा अपमान नाही."

इतकी वर्षं आम्ही सगळे उठून जात होतो, आणि ही पोर रोज संध्याकाळी शेवटपर्यंत बसून राहिली होती.

कैऱ्या आल्या, मीठ लावलेल्या फोडी फिरल्या, घसे हळूहळू सुटले. सुभेदारांनी फोड चोखता चोखता विचारलं, "म्हंजी पानाची पलटन हाय म्हन की, पोरी. संगिनी लावल्याली."

"होय. पण आपल्या हद्दीत उभी असते," बकुळा म्हणाली. "आपण होऊन कुणावर जात नाही."

सुभेदार हसायला गेले आणि पुन्हा खोकत सुटले. इतक्यात शेजारची काकू डोळ्यांना पदर लावून पुढे आली. "चिंच म्या घेतली वो. भांडी घासाय. पाव्हण्यांच्या म्होरं इज्जत जाऊ ने म्हून."

मुलाच्या वडिलांनी समोरचा तांब्या उचलला, त्यात आपला चेहरा बघितला, मिशीवरून हात फिरवला. "तांबं मातुर झकास चकाकत्यात," ते म्हणाले. "बसा रं समदी. भात वाढा."

नवरामुलगा पुढे आला. त्याने दाजींकडे बघून विचारलं, "मामा, जनावरं आळवाला तोंड लावत न्हाईत, ती ह्याच्याचमुळं व्हय?" दाजींना बोलता येत नव्हतं. त्यांनी मान इतक्या जोरात हलवली की टोपी भातात पडली.

गोरज मुहूर्तावर अक्षता पडल्या. मंगलाष्टकं सगळ्या मांडवाने घोगऱ्या आवाजात म्हटली. पाठवणीला बकुळा रडली, मी बरीच कामं असल्यामुळे रडले नाही, आणि दाजींनी तिच्या हातात डबाभर चिंच दिली. कुणाच्या बोलण्यासाठी ते त्यांनी सांगितलं नाही.

पावसाळ्यात दाजी सांगलीला आले. कोट तोच, खिशात पान नव्हतं. बकुळा मजेत आहे, म्हणाले. जावई चांगला आहे, म्हणाले. मग माझ्या स्वयंपाकघराच्या दारात स्टुलावर बसून चहा पीत राहिले. चहा संपला तरी बोलेनात. माझ्या यजमानांनी पावसाचं विचारलं, त्यालाही एका शब्दात उत्तर. घर लहान असूनही आता फार मोठं वाटत असेल त्यांना. त्यावर बोलण्यातली मी नाही. मी हाताला तेल लावून सुरण चिरायला घेतला होता.

थोड्या वेळाने मी म्हटलं, "दाजी, हा सुरण हाताला खाजतो तो कशाने हो?"

त्यांनी वर बघितलं. "तुला माहीत आहे, धाकटे."

"माहीत होतं. विसरले."

त्यांनी कप खाली ठेवला, स्टूल पुढे ओढलं आणि चष्मा पुसला. "त्याचं असं आहे," ते म्हणाले, "की ग्रीक भाषेत..."

यजमान भूक लागली म्हणून दारातून दोनदा डोकावून गेले. मी त्यांना हातानेच बाहेर बसायला सांगितलं.