आत्याचा उजवा कान

मागच्या रविवारी कळव्याला आमच्या घरी एक कॅमेरावाली बाई आली. डॉक्युमेंटरी करते म्हणाली... लग्नकार्यात होणारा गोळीबार आणि त्याने आसपासच्या माणसांचं पुढे काय होतं, हा विषय. ऐकलं आणि मी आधी गल्लीत डोकावून पाहिलं, तिच्याबरोबर अजून कुणी आहे का.

कारण चार वर्षांपूर्वी धाकट्या भावाच्या हळदीला हवेत गोळी झाडणारा मीच होतो. जमीन प्रकल्पात गेली, पैसा आला, मागोमाग लायसन्सचं पिस्तूल आलं... आणि चार मित्रांनी ‘काढ काढ’ म्हटल्यावर माझी अक्कल गेली.

पुढ्यात माझी आत्या बसली होती. आत्या धवलारीण, म्हणजे आमच्या लग्नांत विधीची गाणी, धवले, म्हणणारी. तिच्या कानापासून हातभर अंतरावर मी बार काढला. गोळी कुणाला लागली नाही, पण आत्याचा उजवा कान जो गेला तो गेलाच.

डॉक्टरला सांगितलं, फटाका फुटला. आत्याने गुपचूप मान हलवली. नंतर तिने गाणं सोडलं... सूर सापडत नाही म्हणाली. आम्हीही फार खोदून विचारलं नाही.

आता ही बाई आत्याकडेच कशी पोचली? कुणी पाठवलं? मी तिला तीनदा विचारलं, चॅनेल कुठलं? तिन्ही वेळा म्हणाली, चॅनेल नाही, मी एकटीच करते. एकटी करते म्हणजे नक्की काहीतरी गडबड... कदाचित आमच्या वाईटावर असलेल्या कुणाची, नाहीतर पोलिसांची.

मी तिच्या गाडीचा नंबर टिपून घेतला. विठ्ठलवाडीच्या मित्राला तिचा फोटो पाठवून चौकशी करायला लावली. चहासुद्धा मीच आणून दिला, म्हणजे तिने किचनमध्ये जाऊन बायकांशी बोलायला नको.

शूटिंगभर मी दारात उभा. आत्या अगदी पढवल्यासारखी बोलली... धवले, हळद आणि शेवटी फटाका. मी सुटकेचा निःश्वास टाकला.

मग बाई म्हणाली, एक मिनिट कुणी बोलू नका, खोलीचा आवाज घ्यायचाय. रिकाम्या खोलीचा कसला आवाज? म्हटलं, ही काहीतरी डाव टाकतेय. नंतर कळलं, या लोकांची ती रोजची पद्धत... पुढे एडिटिंगला लागतो म्हणे.

पण ती हे बोलली आत्याच्या उजव्या बाजूने. आत्याला काही ऐकूच आलं नाही. सगळे गप्प बसलेले पाहून तिला वाटलं, संपलं काम. माईक अजून पदराला तसाच.

माझ्याकडे वळून म्हणाली, "बरा बोललू ना रं? तुजा नाव नाय घेतला. पिस्तुलाचा पन नाय."

बाईने हेडफोन काढले. मला वाटलं, आता हिचा चेहरा उजळणार, सापडलं घबाड. तसं काही झालं नाही. ती उठून आत्याच्या डाव्या बाजूला जाऊन बसली आणि म्हणाली, रेकॉर्डिंग चालू होतं, तुम्ही म्हणाल तर आत्ता तुमच्यासमोर पुसते.

आत्या माझ्याकडे बघत राहिली... कान तिचा गेलेला आणि परवानगी माझी मागत होती. आयुष्यात इतकी लाज मला कधीच वाटली नव्हती.

बाईने एवढंच विचारलं, अजून त्रास होतो का?

"दुखत नाय गो. पन आतमदी रातदिस शिट्टी वाजतं. झोप लागत नाय." मग म्हणाली, "कोन इचारला नाय, म्हनून सांगला नाय."

चार वर्षं मी तिला दवाखान्यात नेलं, महागातलं कानाचं मशीन आणून दिलं, तेही उपयोगी पडलं नाही. हा एक प्रश्न मात्र कधी विचारला नाही... उत्तराची भीती होती मला. त्या भीतीपायी मी एका परक्या बाईवर दिवसभर संशय घेत होतो.

आत्याचा हात हातात घेतला. तिच्या डाव्या कानाशी वाकून विचारलं, आत्या, तुला काय पाहिजे? ती म्हणाली, "खरा असंल ता र्‍हाऊ दे."

आज लायसन्स आणि पिस्तूल दोन्ही जमा करायला चाललोय. आणि ताई, तुम्ही ही पोस्ट वाचत असाल तर... ते रेकॉर्डिंग ठेवा. माझ्या नावासकट ठेवा.