वहिनीचं सुतक

गोव्यातल्या सर्वण गावच्या सदाशिवने सात वर्षांत कोर्टाची एक तारीख चुकवली नव्हती. खाणीवरचा ट्रक बंद पडल्यापासून त्याचं पोट होतं ते कुळागरावर, सुपारी-माडांच्या एका पट्टीवर. खालच्या कोर्टाने ती थोरल्या भावाची, कृष्णनाथची ठरवली, म्हणून हे अपील. त्याच्या वकिलांनी म्हातारपणी काम सोडलं, तरी हा गडी कागदांची पिशवी काखेला मारून एकटा हजर. समोरच्या बाकावर दादा बसलेला असायचा. दोघंही भिंतीकडे बघत.

शेवटच्या सुनावणीच्या आठवड्यातच गंगावहिनी गेली. दादाची बायको. सदाशिव सहा वर्षांचा असताना आई वारली, तेव्हा हिनेच त्याला भरवलं, न्हाऊ घातलं, धपाटे घालून शाळेत धाडलं. भांडणापासून दादाने त्याला दार बंद केलं होतं, पण मयताला कोण अडवणार? सदाशिवने तिरडीला खांदा दिला. दादा नको म्हणाला नाही. भाबड्याला तेवढंच डोंगराएवढं वाटलं.

घरी येऊन त्याने सुतक धरलं, तेही कडक. देवापुढे दिवा नाही, जेवणात फोडणी नाही, फाटकाबाहेर पाऊल नाही. सहाव्या दिवशी तारीख होती.

"जावन येवा ओ," त्याची बायको वत्सला म्हणाली. "कोर्टाक खंयचा सुतक?"

"दादाक सुतक, माका सुतक. मगे थंय उभो कोण रवतलो?"

खुळाच म्हणायचा! दादा घरीच होता, पण दादाचा वकील उभा राहिला. शिपायाने सदाशिवच्या नावाचा पुकारा केला, कोणी आलं नाही. अपील करणारा गैरहजर, म्हणून अपील फेटाळलं. कुळागर कोणाचं, हा विषयच निघाला नाही.

डिचोलीच्या तरुण वकील सुविधाने धीर दिला. न येण्याचं सबळ कारण दाखवलं तर अपील पुन्हा चालतं. तिने सुतकाचं कारण लिहून अर्ज घातला. सदाशिव निर्धास्त झाला. दादा कुळागरासाठी भांडेल, पण याला कशाला नाही म्हणेल?

महिन्याने दादाचं उत्तर आलं, शपथेवर लिहिलेलं. सुविधाने वाचून दाखवलं: 'अर्जदाराशी आमचा दहा वर्षं काहीही संबंध नाही. माझ्या पत्नीचं सुतक त्याला नव्हतं.' खाली दादाची सही.

"काका, धीर सोडू नकात," ती म्हणाली. "तुमी खांदो दिलास ता भटजींनी बघलेला, शेजाऱ्यांनी बघलेला. साक्षी घालूया. अर्ज मंजूर जातलो."

सदाशिव तिच्यासमोरच हमसाहमशी रडायला लागला. स्मशानातही तो एवढा रडला नव्हता.

"नको बाय. माझी आवस ती. तिचा सुतक माका होता, ह्या साक्षीदार आणून सांगूचा?"

त्याने अर्ज मागे घेतला. पुढच्याच आठवड्यात दादाची माणसं येऊन कुळागराच्या फाटकाला कुलूप लावून गेली.